बिनखाचेचं कातडं

माझ्या थोरल्या मामाला अख्खं मटण मार्केट रेशीम म्हणायचं. नाव ऐकून कुणाला वाटेल, कापडाचा धंदा असेल. मामा नगरपालिकेच्या खाटीकखान्यात बकऱ्यांची कातडी सोलायचा. चाळीस वर्षं त्याने दुसरं काही केलं नाही आणि दुसरं काही करावं असं त्याच्या मनातही आलं नाही.

आमच्याकडे कापणारा वेगळा, सोलणारा वेगळा आणि गाळ्यावर बसून विकणारा वेगळा. सोलणाऱ्याकडे जनावर येतं ते आकड्याला उलटं टांगलेलं, मान नसलेलं, अजून गरम. मागच्या दोन पायांवर दोन चिरा, पोटावरून एक सरळ रेघ, बस, सुरीचं काम एवढंच. मग सुरी दातांत धरायची आणि मूठ आत घालायची. कातडं आणि मांस यांच्यामधून मूठ रेटत रेटत खाली मानेपर्यंत न्यायची. ज्याला घाई असते तो मुठीऐवजी सुरीच चालवतो. मग सुरी कातड्याला लागते, खाच पडते, आणि खाच पडलेलं कातडं कमावताना टर्रकन फाटतं. मामाच्या कातड्याला खाच नसायची. एकही नाही, कधीच नाही. म्हणून तो रेशीम.

हे कसब त्याच्या अंगात मारून मारून घातलं होतं. माझे आजोबा, म्हणजे त्याचे वडील, सोललेलं प्रत्येक कातडं दारात उभं राहून उजेडासमोर धरायचे. जेवढ्या भोकांतून उजेड आला तेवढे फटके. तेही त्याच ओल्या कातड्याने, उघड्या पाठीवर. ओलं कातडं वेतासारखं चरचरत नाही. ते धपकन बसतं आणि श्वास आतच अडकतो. एकदा नऊ भोकं निघाली. नववा फटका पाठीवर बसायचा तो कानावर बसला, आणि तेव्हापासून मामाला डाव्या कानाने ऐकू येत नाही. हे सगळं तो हसत हसत सांगायचा, वर म्हणायचा, "म्हणून तर हात बसला ना!" मला आजोबा आठवत नाहीत. आठवत नाहीत हेच बरं, नाहीतर मी त्यांच्या फोटोवर थुंकले असते.

मी कोर्टाच्या फाटकाबाहेर टायपिंगचं टेबल लावते. अर्ज, प्रतिज्ञापत्रं, भाडेकरार, जे येईल ते. मार्केटात कॉलेजची पायरी चढलेली मी एकटीच, त्यामुळे मार्केटची कोर्टाची सगळी कागदपत्रं आपसूक माझ्या गळ्यात पडली. म्हणून ही हकिगत मला पानापानाने ठाऊक आहे. त्यातली काही पानं मी टाइप केली नसती तर बरं झालं असतं.

झालं असं की नगरपालिकेने नवे उपविधी काढले. यापुढे शहरातलं एकही जनावर जुन्या खाटीकखान्यात कापायचं नाही, सगळी कत्तल वळणरस्त्यापलीकडच्या नव्या यांत्रिक कत्तलखान्यात, आणि तो चालवायला दिलेला एका ठेकेदाराला. कारण काय, तर जुन्या जागेतल्या नाल्या तुंबतात, माश्या होतात. नाल्या तुंबत होत्या हे शंभर टक्के खरं. त्या साफ करायचं काम नगरपालिकेचंच होतं, आणि तिचा सफाईवाला आम्ही वर्षानुवर्षं पाहिला नव्हता, हेही तितकंच खरं. मार्केटातल्या चाळीस गाळ्यांनी मिळून याचिका टाकली. आमचे वकीलसाहेब बारीक आवाजाचे, पण चिवट. त्यांनी स्थगिती मिळवली. अंतिम निकाल लागेपर्यंत जुना खाटीकखाना चालू राहील, अट एकच: नगरपालिकेच्या डॉक्टरने जनावर कापण्याआधी तपासायचं आणि कापल्यावर मांसावर शिक्का मारायचा. शिक्क्याशिवाय विक्री नाही.

आमचा जीव भांड्यात पडला, तो आठवडाभर. मग कळलं की घोडं कुठे पेंड खातंय. नगरपालिका डॉक्टर पाठवेचना. आधी डॉक्टर रजेवर होते, मग प्रशिक्षणाला गेले, मग जीप बिघडली. खाटीकखाना उघडा, जनावरं बांधलेली, माणसं सुऱ्या पाजळून बसलेली, आणि शिक्का नाही. केसाने गळा कापणं म्हणतात ते मी कागदावर पहिल्यांदा तेव्हा पाहिलं. आम्ही कोर्टाच्या बेअदबीचा अर्ज टाकला. त्याला तारीख मिळाली, तारखेला पुढची तारीख मिळाली.

तीन आठवडे झाले. माणसं एकमेकांवर गुरगुरायला लागली. दोन गाळेवाल्यांची पाण्याच्या बादलीवरून मारामारी झाली आणि एकाने दुसऱ्याचं डोकं नळावर आपटलं. नळ वाकला. मग माझा धाकटा मामा, ज्याचा मार्केटात चार नंबरचा गाळा आणि डोक्यात कायम निखारा, त्याने ठरवलं की पुरे झालं. त्याच्या घराच्या मागच्या खोलीत चार बकरे कापायचे. दुपारी, नगरपालिकेचं पथक जेवायला जातं तेव्हा. फक्त ओळखीच्या गिऱ्हाइकांना द्यायचं. सोलायला थोरला.

"रेशीम, आज जरा गचाळ काम कर," धाकटा त्याला म्हणाला. "दोन-चार खाचा मार प्रत्येकाला. तुझं कातडं आंधळासुद्धा ओळखेल."

"मारतो," थोरला म्हणाला.

आणि चारही कातडी त्याने नेहमीसारखीच काढली. आरशासारखी. धाकट्याने कपाळावर हात मारला, सुरी हिसकून तीन कातडी स्वतः फाडली आणि राखेच्या ढिगात पुरली. चौथं त्याला सापडलं नाही. चौथं एका काळ्याभोर करडाचं होतं, कानाच्या टोकापासून खुरापर्यंत अखंड. मामाने ते सदऱ्याखाली पोटाला गुंडाळून घरी नेलं, मीठ चोळलं, घडी घातली आणि पिठाच्या डब्यामागे ठेवलं. का, म्हणून मी त्याला नंतर विचारलं तेव्हा तो म्हणाला, "असं एकदाच निघतं गं आयुष्यात. फेकवलं नाही."

तिसऱ्या दिवशी सकाळी दहाला पथक आलं. कुणीतरी चुगली केली होती. पंधरा माणसं, काठ्या, पहारी, आणि पुढे त्यांचा मुकादम, गळ्यात शिट्टी अडकवलेला धिप्पाड गडी. हाच मुकादम वर्षानुवर्षं आमच्या गाळ्यांवरून मटण न्यायचा आणि पोरांची चौकशी करायचा. त्या दिवशी त्याने कुणाला ओळख दाखवली नाही. रिकाम्या गाळ्यांत त्यांना काय मिळणार? म्हणून ते गाळ्यांवरच तुटून पडले. मटण तोडायचे लाकडी ओंडके त्यांनी पहारीने फोडले, तराजू रस्त्यावर फेकले, आकडे उपटले. मला टेबलावर निरोप आला आणि मी चप्पल हातात घेऊन धावत सुटले.

मी पोचले तेव्हा ते मामाच्या घरात शिरत होते. मार्केटमागच्या दोन खोल्या. मामी दारात आडवी उभी होती. मुकादमाने तिला ढकललं, आणि तिचं डोकं चौकटीवर असं आदळलं की तो आवाज मला गल्लीच्या तोंडाशी ऐकू आला. ती भिंतीला घासत खाली बसली. कपाळातून रक्ताची धार नाकावरून हनुवटीवर आली, आणि ती मात्र पदराने आधी उंबरा पुसत होती. का, ते तिलाही माहीत नसावं.

पिठाचा डबा उलटा झाला. कातडं सापडलं. मुकादमाने त्याचं एक टोक धरलं, आणि मामाने दुसरं. माझ्या आयुष्यात मी मामाला कुणाच्या अंगावर जाताना पाहिलं नव्हतं. त्या दिवशी तो दात विचकून कातडं ओढत होता आणि मुकादम त्याच्या पोटात लाथा घालत होता. एक, दोन, तीन. मामा सोडत नव्हता. मग कातडं ताणलं गेलं, मानेपाशी त्याचा बारीक कर्रर आवाज झाला, आणि मामाने पटकन दोन्ही हात सोडले. कातडं फाटेल म्हणून सोडले. लाथांनी जे झालं नाही ते त्या एका आवाजाने झालं. मुकादम मागच्या मागे भांड्यांवर पडला, बायकामाणसांसमोर पडल्यामुळे पिसाळला, आणि उठून त्याने काठी मामाच्या खांद्यावर, पाठीवर, मानेवर ओढायला सुरुवात केली.

तेवढ्यात धाकटा सत्तूर घेऊन आला. मी ओरडले, "नको, मामा!" पण त्याला दोन्ही कान असून काही ऐकू आलं नाही. वार डोक्यावर होता. मुकादम वळला म्हणून वाचला, उजवा कान मात्र मुळापासून गेला. कान उंबऱ्यावर पडला. मामीने नुकत्याच पुसलेल्या उंबऱ्यावर. मुकादम गुरासारखा हंबरला, आणि मग पंधरा काठ्या एकट्या धाकट्यावर पडल्या. त्याचा जबडा दोन ठिकाणी मोडला. एक दात माझ्या पायाजवळ आला. मी तो उचलला आणि मुठीत धरून ठेवला, जणू कुणी मागणार होतं.

धाकटा तुरुंगाच्या दवाखान्यात गेला, जबडा तारेने बांधलेला. मुकादम मोठ्या दवाखान्यात. आणि कातडं पंचनाम्यात, लाखेची मोहोर लागून कोर्टात.

नगरपालिकेने ताबडतोब अर्ज टाकला. स्थगितीच्या काळात या लोकांनी विनाशिक्का कत्तल केली, कोर्टाची अट मोडली, सबब स्थगिती उठवावी. स्थगिती उठली की जुना खाटीकखाना बंद, चाळीस गाळ्यांचे परवाने रद्द. वकीलसाहेबांनी चष्मा काढून डोळे चोळले. "एकच रस्ता आहे," ते मला म्हणाले. "ते कातडं आपलं नाही. पथकानेच आणून ठेवलं. तुझ्या मामाचं तसं प्रतिज्ञापत्र दे."

मी टाइप केलं. "सदरचे कातडे माझे हातचे नसून त्याचेशी माझा काहीएक संबंध नाही." मामा माझ्या टेबलाशी सहीला आला. गळ्यापासून कमरेपर्यंत निळा-काळा पडलेला, खुर्चीत नीट बसताही येईना. वाचून दाखव म्हणाला. मी उठले, त्याच्या डाव्या बाजूला उभी राहिले, आणि भरभर वाचलं. डाव्या बाजूला. चुकून नव्हे. त्याने मान हलवली आणि सही केली.

पुढच्या तारखेला नगरपालिकेने साक्षीदार आणला तो चामड्याचा व्यापारी. तीस वर्षं आमच्या खाटीकखान्यातली कातडी घेणारा, पांढरी टोपी, तोंडात लवंग. त्याच्यापुढे कातडं उलगडलं. अख्ख्या कोर्टाने नाकाला रुमाल लावले. त्याने मात्र ते पोटच्या पोरासारखं हातात घेतलं, मागून पुढून पाहिलं, खिडकीकडे धरलं.

"हे रेशीमचं आहे, साहेब."

"कशावरून?" आमच्या वकिलांनी झापलं. "नाव लिहिलंय का त्याच्यावर?"

"नाव कशाला पाहिजे? एवढ्या बारक्या करडाला काखेत, मानेत, कुठे सुरी लागलेली नाही. या शहरात असा हात एकच. मी त्याची कातडी वेगळी काढून ठेवतो, साहेब. दुसऱ्यांच्या कातड्यांत मिसळायला जीव होत नाही."

मी मामाकडे पाहिलं. तो उजवा कान पुढे करून ऐकत होता आणि हसत होता! लाजून, मान खाली घालून, बक्षीस मिळालेल्या पोरासारखा. माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. आमच्या गळ्याला फास लागत होता आणि हा बाबा कौतुकाने विरघळत होता. मी त्याच्या मांडीला एवढा चिमटा काढला की नंतर मलाच वाईट वाटलं.

आमच्या वकिलांनी एकच धोशा लावला: साक्षीदार ठेकेदाराचा मिंधा आहे, हात ओळखणं वगैरे सगळं थोतांड. न्यायाधीश कंटाळून म्हणाले की मग वाद कशाला, पाहूनच घेऊ. कोर्ट कमिशनर नेमला. कमिशनरसमोर, जुन्या खाटीकखान्यात, मामाने एक करडू सोलायचं. कातडं आणि अहवाल कोर्टात हजर करायचा. जुळलं तर स्थगिती गेली.

बाहेर आल्यावर वकीलसाहेबांना आनंद आवरेना. "सुटलो आपण! दोन खाचा मार म्हणावं. वाईट काम करणं काय अवघड आहे?"

अवघड होतं. आदल्या दिवशी दुपारी मी एक जुनं कातडं घेऊन मामाकडे गेले. भिंतीवर टांगलं, सुरी त्याच्या हातात दिली. "मार खाच." सुरी कातड्यापाशी गेली आणि थांबली. पुन्हा गेली, पुन्हा थांबली. त्याच्या कपाळावर घाम आला. मामी डोक्याला पट्टी बांधून चुलीपाशी बसली होती, ती म्हणाली, "अहो, मारा की. डोळे मिटून मारा."

"हात ऐकत नाही गं," तो म्हणाला. माझ्याकडे पाहून पुन्हा म्हणाला, "पोरी, हात ऐकत नाही."

मग माझं डोकं फिरलं. "तुझ्या हौसेपायी धाकटा जबडा बांधून तुरुंगात सडतोय," मी ओरडले. "मामीचं डोकं फुटलं. चाळीस घरांच्या पोटावर पाय येतोय. एक खाच मारवत नाही तुला?" मी त्याचं मनगट पकडलं आणि सुरी जोराने कातड्याकडे रेटली. आणि मामाने खांदे वर ओढले, मान आत घेतली, पाठ गोल केली, डोळे गच्च मिटले. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस ओल्या कातड्याच्या फटक्याची वाट पाहत उभा राहिला. मी मनगट सोडलं. मला स्वतःची किळस आली. तरीही निघताना मी दारातून म्हटलंच, "उद्या मार म्हणजे मार."

दुसऱ्या दिवशी खाटीकखान्यात मावेना एवढी गर्दी. कमिशनर मध्यमवयीन वकील, नव्या बुटांवर प्लास्टिकच्या पिशव्या बांधून आलेला. त्याच्याबरोबर लिहायला एक कारकून. चामड्याचा व्यापारी. नगरपालिकेकडून मुकादम, डोक्याला कानावरून फेटा बांधावा तशी पट्टी बांधलेला. आणि डॉक्टर! आठ आठवड्यांत न दिसलेले डॉक्टर शिक्का आणि शाईची डबी घेऊन वेळेच्या पाच मिनिटं आधी हजर. मार्केटातलं कुणीतरी मागून म्हणालं, "जीप सुधारली वाटतं." कुणी हसलं नाही.

करडू कापलं. रक्त फरशीवरच्या चरीतून कमिशनरच्या पिशव्यांपर्यंत गेलं आणि तो दोन पावलं मागे सरकला. आकड्याला टांगलं. मामा पुढे झाला. दोन चिरा, एक रेघ, सुरी दातांत, मूठ आत. मला वाटलं, आता मारेल. जांघेत मारेल, तिथे सगळ्यांचीच चुकते. जांघ आली, मूठ वळली, जांघ निघाली. स्वच्छ. बरगडीवर मारेल. बरगडी आली, गेली. स्वच्छ. कातडं उलटं होऊन खाली खाली सुटत होतं, ओल्या कापडासारखा चुरचुर आवाज करत, आणि गाळेवाल्यांचे चेहरे तसतसे पांढरे पडत होते. त्यांच्यातला प्रत्येक जण धंद्यातला. प्रत्येकाला कळत होतं की किती सुंदर काम चाललंय आणि आपण किती बुडतोय. व्यापारी तर चक्क पुटपुटला, "वाहवा."

फक्त मान राहिली. डावी मूठ कातड्याच्या आत, मनगटाच्या वरपर्यंत. मामा थांबला. त्याने दातांतली सुरी उजव्या हातात घेतली आणि माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. मार. हो, मीच हलवली.

त्याने आतली मूठ उघडली. कातड्यावर बाहेरून पंजाचा फुगवटा दिसला, पाच बोटांसकट. आणि बाहेरून, बरोबर त्या फुगवट्यावर, त्याने सुरी खुपसली. सुरीच्या मुठीपर्यंत. मग ती वर ओढली, मनगटाकडे, पोटावरची रेघ ओढतो तितकी सरळ. तो ओरडला नाही. दात एकमेकांवर घासल्याचा आवाज आला फक्त. कातड्याच्या खालच्या तोंडातून रक्ताचा लोट बाहेर पडला, बकऱ्याचं रक्त तोवर गार होऊन काळपट झालं होतं आणि हे लालभडक, वाफाळतं. मामीने किंकाळी फोडली. कमिशनर भिंतीला धरून ओकला. मी जागची हलले नाही. हलता आलं नाही.

हलला तो मुकादम. त्याने दोन ढांगांत मामाला गाठलं, सुरी काढून फेकली, डोक्याची स्वतःची पट्टी टराटरा सोडली आणि मामाच्या मनगटावर आवळून बांधली. कानाच्या जागी टाके घातलेलं भोक सगळ्यांना दिसत होतं. "डॉक्टर, इकडे या!" तो ओरडला. डॉक्टर शिक्का हातात धरून म्हणाले, "मी जनावरांचा आहे." मुकादमाने त्यांना आईवरून शिवी दिली आणि कॉलर धरून फरशीवर बसवलं.

अहवाल आला. "कातड्यास मानेजवळ एक खाच आढळली, लांबी चार बोटे. उजेडापुढे धरली असता आरपार दिसते. सोलणाऱ्याची सुरी घसरून त्यास दुखापत झाली." सुरी शिरली तेव्हा कमिशनर स्वतःच्या बुटांकडे बघत होता, घसरणं आणि खुपसणं यातला फरक त्याला कसा दिसणार? वकीलसाहेबांनी त्या एका खाचेवर तासभर भाषण केलं. जप्त कातड्याला एकही खाच नाही, या माणसाची सुरी तर स्वतःच्या हातात घुसते, हा कसला कारागीर? निकाल आमच्या बाजूने लागला. स्थगिती कायम, डॉक्टरने रोज हजर राहायचं, नाहीतर नगरपालिकेच्या अधिकाऱ्यावर कारवाई. मार्केटात लोकांनी एकमेकांना उचलून घेतलं. वकीलसाहेबांना खांद्यावर घेतलं तेव्हा त्यांचा चष्मा पडला आणि कुणाच्या तरी पायाखाली फुटला.

मामाच्या डाव्या हाताच्या शिरा तुटल्या होत्या. तीन बोटं आता हलत नाहीत, आणि मूठ वळत नाही. मूठ वळत नाही त्याला आमच्या धंद्यात काम नाही.

निकालाची प्रत मी माझ्या टेबलावर मार्केटसाठी मोठ्या अक्षरात टाइप केली आणि एक मामाकडे घेऊन गेले. तो खिडकीपाशी बसला होता, बांधलेला हात मांडीवर. मी नकळत त्याच्या डाव्या बाजूला उभी राहिले.

"या वेळेला उजव्या बाजूला ये," तो म्हणाला.

म्हणजे त्याला तेव्हाच कळलं होतं. मी उजव्या बाजूला गेले आणि सावकाश, एक शब्द न गाळता वाचलं. "सबब, जप्त केलेले कातडे हे सदर इसमाचे हातचे नाही, असा या न्यायालयाचा निष्कर्ष आहे." तिथे त्याने मला थांबवलं.

"हे लिहून ठेवलं त्यांनी?"

"हो."

"मला वाटलं, त्या दिवसापुरतं बोलायचं." "मग ते कुणाचं म्हणून ठेवलंय?"

"कुणाचंच नाही, मामा. बेवारस."

"दुरुस्ती मागता येते ना कोर्टात? तू दुसऱ्यांच्या टाइप करतेस की."

"येते," मी म्हटलं. "पण मग मार्केट बंद पडेल."

त्याने मान हलवली. समजलं, अशी. मग उजवा हात पुढे केला, माझ्याकडून कागद घेतला आणि खिडकीतल्या उजेडासमोर धरला. वरच्या ओळीपासून माझ्या टायपिंगच्या शेवटच्या टिंबापर्यंत तो कागद त्याने नीट पाहिला, मागून पुढून.

"चांगलं काम केलंस," म्हणाला, आणि कागद मला परत दिला.